मिरवणूक बायकांची, मग शिट्टी कोणाकडे?

मिरवणुकीची पहिली बैठक बहुतेक वेळा पोशाखाच्या रंगावरच संपते. मी तिथेच अडवते. आधी ठरवा: शिट्टी कोणाकडे, हिशेबाची वही कोणाकडे आणि परवानगीच्या अर्जावर सही कोणाची? बायका नटूनथटून पुढे आणि रांग हाकायला पुरुष, असं असेल तर आपण शोभेपुरत्याच.

मी ढोल वाजवते, त्यामुळे तालावर जरा जास्त बोलणार. आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो. 100 मीटर मागे असलेल्या वादकाला पुढचा ठोका जवळपास 0.3 सेकंद उशिरा ऐकू येतो. मिनिटाला 120 ठोके धरले तर दोन ठोक्यांत अंतरच अर्ध्या सेकंदाचं. मागचीचा ताल चुकणारच, आणि वर सगळ्या तिच्यावरच डोळे वटारणार! म्हणून वादकांच्या ओळी लांबवू नका, रस्ता मावेल तेवढ्या रुंद करा आणि सगळा ताफा मिरवणुकीच्या मधोमध ठेवा. शिट्टीवालीने हात डोक्याच्या वर धरायचा. ती बुटकी असेल तर हातात भडक रंगाचा रुमाल द्या. मागच्यांनी कानावर न जाता त्या रुमालाकडे बघून वाजवायचं.

फलकाचं गणित सोपं आहे. एक इंच उंचीचं अक्षर दहा फुटांवरून आरामात वाचता येतं. बघे पन्नास फुटांवर असतील तर अक्षर पाच इंचांचं हवं, म्हणजे चार-पाच शब्दांतच आटपायचं. घोषणाच हवी असंही नाही. 13 जून 1908 ला लंडनमध्ये मताधिकारासाठी निघालेल्या मिरवणुकीत मेरी लाउंड्स आणि तिच्या चित्रकार मैत्रिणींनी केलेले फलक होते. काहींवर मेरी क्युरी, जेन ऑस्टेन अशी नावं. नाव वाचलं की बघणारा थांबतो. कापडाला वर काठीसाठी नेफा शिवा आणि दोन्ही टोकांना दोऱ्या बांधून दोघींच्या हातात द्या. वारा सुटला की मोठं कापड शिडासारखं ओढतं, एकटीला आवरत नाही.

सगळ्यांत सावकाश चालणाऱ्या बायका पुढे. पुढच्यांनी पाय उचलला की शेपटाकडच्या धावायला लागतात.

शेवट मोकळ्या मैदानात करा. पहिली ओळ फाटकाशी थांबली तर मागच्या सगळ्या तिच्यावर आदळतात. पाण्याची टेबलं मैदानाच्या पलीकडच्या टोकाला मांडा. तहानेने ओळी आपोआप आत सरकतात.