तात्याना समोयलोवा गावच्या वाचनालयात दाखवायची असेल तर

जुन्या सोव्हिएत नटीवर कार्यक्रम ठरला की आधी चरित्राच्या भाषणाची तयारी सुरू होते. भाषण दहा मिनिटांत आटपा. समोयलोवाचा अभिनय सगळा चेहऱ्यावर आहे. प्रेक्षकाची नजर तिथून हलू नये, एवढ्यासाठीच सारी धडपड करायची.

चित्रपट 1957 चा घ्या: ‘लेत्यात झुराव्ली’, म्हणजे ‘क्रौंच उडताहेत’. दिग्दर्शक मिखाईल कलातोझव, छायालेखक सेर्गेई उरुसेव्स्की, निर्मिती मॉसफिल्म. कृष्णधवल, साधारण 95 मिनिटं. जाहीर प्रदर्शनाची परवानगी हक्कधारकाकडून आधीच लेखी घ्या. आणि नावात ‘बगळे’ लिहू नका. बगळा म्हटला की आपल्याला म्हशीच्या पाठीवरचा पक्षी दिसतो आणि शेवटच्या दृश्यातलं आभाळ हातचं जातं.

खरी मेहनत मराठी सबटायटलची. एका वेळी दोनच ओळी, ओळीत 35 अक्षरांच्या आत. छोट्या वाक्याला दीड सेकंद, मोठ्याला जास्तीत जास्त सहा. शब्दशः भाषांतर केलं तर ओळ लांबते, लोक खाली वाचत बसतात आणि वर वेरोनिकाचे, म्हणजे समोयलोवानं केलेल्या नायिकेचे, डोळे काय सांगून गेले ते निसटतं. म्हणून वाक्य छाटा. ती क्रौंचांचं बडबडगीत म्हणते ते मात्र गद्यात उतरवू नका, यमक जुळवाच. तिचा प्रियकर बोरिस तिला लाडानं ‘बेल्का’ म्हणतो, त्याचा अर्थ खार. पुढे चिठ्ठी खेळण्यातल्या खारीत सापडते, म्हणून हा अर्थ पहिल्याच वेळी प्रेक्षकाला कळायला हवा.

सबटायटलची फाइल यूटीएफ-8 या अक्षर-पद्धतीत साठवा, नाहीतर पडद्यावर नुसती प्रश्नचिन्हं उमटतात. पेनड्राइव्ह थेट टीव्हीला लावला तर पुष्कळदा जोडाक्षरं फुटतात. लॅपटॉपवर व्हीएलसी हा प्लेअर वापरा. चाचणी घेताना चित्रपटातला अगदी शेवटचा संवाद तपासा. सबटायटल सेकंदाला 24 फ्रेमच्या प्रतीचं आणि चित्रपट 25 चा असेल तर सुरुवातीला सगळं जुळतं आणि शेवटाला पावणेचार मिनिटांचा फरक पडतो. फरक सुरुवातीपासून सारखाच असेल तर व्हीएलसीत ‘जी’ आणि ‘एच’ या कळांनी मागंपुढं करता येतं. वाढत जाणारा फरक त्यांनी सुटत नाही, फाइलच दुरुस्त करावी लागते.

चित्राची चौकट जवळजवळ 4:3 आहे. प्रोजेक्टर 16:9 वर ताणलेला राहिला तर चेहरा एक तृतीयांशानं रुंद होतो, मग सगळंच गेलं. 8 बाय 6 फुटांचा पडदा, 3000 ल्युमेनचा प्रोजेक्टर आणि पहिली रांग 12 फुटांवर, एवढं पुरतं. खिडक्यांना जाड सतरंज्या लावा. बॉम्बहल्ल्याचा प्रसंग अंधारात घडतो. रस्त्यावरचा उजेड आत आला की काळ्याचा राखाडी होतो.

खान्देशात यासाठी जानेवारी उत्तम. कापसाची वेचणी सरत आलेली असते, सूर्य साडेसहाच्या आत मावळतो, सात वाजता सुरू करता येतं. मे महिन्यात पारा 42 च्या पुढे असताना पंखे लावावेच लागतात आणि त्यांच्या घरघरीत संवाद बुडतात. प्रोजेक्टर, लॅपटॉप आणि स्पीकर मिळून साडेचारशे वॉट धरा. 150 अँपिअर-तासाची चांगली बॅटरी दोन तास ओढते. वीज गेल्यावर इन्व्हर्टरवर जाताना लॅपटॉप बंद पडत नाही, पण प्रोजेक्टर बंद पडू शकतो. ही चाचणीही आदल्या दिवशी करा.

प्रस्तावना अहिराणीतच करा, लोक मोकळे होतात. नावापासून सुरुवात सोपी जाते: तात्याना येव्गेन्येव्ना समोयलोवा. आपल्यासारखंच स्वतःचं नाव, मधे वडिलांचं, शेवटी आडनाव. वडील येव्गेनी समोयलव हेही नट. जन्म 4 मे 1934, लेनिनग्राड. 1958 साली या चित्रपटाला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. 1967 साली तिनं ‘आना कारेनिना’त आना केली, समोर व्रोन्स्कीच्या भूमिकेत वासिली लानवोय, तिचाच आधीचा नवरा. पुढच्या दशकांत कामं थोडीच मिळाली, एवढ्या ताकदीच्या नटीला ती मिळायला हवी होती. 4 मे 2014 रोजी, ऐंशीव्या वाढदिवशीच, ती गेली.

गोष्ट आधी सांगू नका. फक्त बसचं दृश्य पाहायला सांगा: वेरोनिका बसमध्ये आहे, कॅमेरा हातात धरलेला, तिच्याबरोबरच खाली उतरतो, गर्दीतून धावतो आणि ती रणगाड्यांमधून रस्ता ओलांडते तेव्हा वर उचलला जातो. संपल्यावर हाच तुकडा परत लावा. ‘तिनं मार्कशी लग्न का केलं?’ हा प्रश्न हमखास येतो; मार्क हा बोरिसचा नात्यातला भाऊ. उत्तर व्यासपीठावरून देऊ नका. बॉम्बहल्ल्याच्या रात्रीचा तुकडा लावा आणि बायकांना आधी बोलू द्या. त्या प्रसंगात जबरदस्ती सूचित आहे, म्हणून बारा वर्षांखालची मुलं नकोत.

शेवटी ती स्टेशनवरच्या गर्दीत अनोळखी माणसांना फुलं वाटते. इथं कुणीतरी ट्यूबलाइट लावतोच. बटणापाशी आपला एक माणूस बसवून ठेवा, पडदा पूर्ण काळा होईपर्यंत त्यानं हात लावायचा नाही.