ग्रिलमधल्या कडीपत्त्यावर स्प्रे मारताय? जरा थांबा

कडीपत्त्याची पानं कुरतडलेली दिसली की आपण लगेच नर्सरीत औषध आणायला पळतो, मीपण पळायचो, पण तोवर झाडाने स्वतःची तयारी सुरू केलेली असते. सुरवंट चावला की त्या जागी ग्लुटामेट (एक अमिनो आम्ल) बाहेर पडतं आणि त्याने कॅल्शियमची लाट, म्हणजे धोक्याचा इशाराच, एक-दोन मिनिटांत लांबच्या पानांपर्यंत जाते, २०१८ मध्ये जपान-अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी मोहरीच्या कुळातल्या एका रोपात हे कॅमेऱ्यात पकडलं. मक्याचं तर अजून भारी, अळी लागली की पानांतून जो वास सुटतो त्यावरून बारीक गांधीलमाश्या अळी शोधत येतात आणि तिच्यातच अंडी घालतात.

म्हणून आधी कोण खातंय ते बघा. पक्ष्याच्या शिटेसारखी दिसणारी अळी असेल तर ती बहुतेक फुलपाखराची, मोठी झाली की हिरवी होते. झाड दांडगं असेल तर खाऊ दे दोन डहाळ्या, वीतभर रोप असेल तर उचला आणि खाली सोसायटीच्या लिंबूच्या झाडावर (कडुलिंबावर नाही) सोडा, तिला तेपण चालतं.

ग्रिलच्या कोपऱ्यात मातीचं छोटं मडकं दिसलं तर प्लीज झाडूने पाडू नका (आमच्याकडे दिवाळीच्या साफसफाईत हेच पहिलं जातं). ते कुंभारमाशीचं घर, ती अळ्या पकडून पिल्लांसाठी आत भरून ठेवते, फुकटचा पेस्ट कंट्रोल!

जास्वंदीवर पांढरा कापूस म्हणजे पिठ्या ढेकूण. तिथे मुंग्यांची रांग असेल तर आधी मुंग्यांचा रस्ता तोडा, कारण गोड चिकट्यासाठी त्याच ढेकणांची राखण करतात. मग पाण्याची जोरात धार आणि लिटरभर पाण्यात चमचाभर सौम्य लिक्विड सोप, संध्याकाळी मारायचं, थोड्या वेळाने धुवायचं.

आणि युरिया मुठीने टाकू नका. त्याने पानं लुसलुशीत होतात आणि रस शोषणाऱ्या किडींची चंगळ होते.

अळूची काळजी नको, त्याच्या पानात कॅल्शियम ऑक्सलेटच्या सुया असतात, तुमचीच काळजी घ्या. चिरताना हाताला तेल लावा आणि फतफत्यात चिंच विसरू नका, नाहीतर घसा खवखवला की घरचे तुम्हालाच बोलणार.