ऑस्ट्रेलियात कमी बजेटची गुन्हेगारी टेलिफिल्म कशी उभारावी

गुन्हेगारी कथेवरची टेलिफिल्म थोड्या पैशांत करायची असेल, तर पटकथेला हात घालण्यापूर्वी कोणत्या जागा, किती रात्री आणि कोणत्या परवानग्या खात्रीने मिळतील हे लिहून काढावे आणि कथा त्यातूनच वाढवावी. आधी कथा लिहून मग ती बजेटमध्ये कोंबू पाहिली, तर नेमकी उत्तम दृश्येच कापली जातात. मेलबर्नच्या क्रॉफर्ड प्रॉडक्शन्सने १९६४ मध्ये सुरू केलेली ‘होमिसाइड’ ही पोलीस मालिका अशाच हिशेबाने उभी राहिली. सुरुवातीच्या काळात तिची आतली दृश्ये स्टुडिओत व्हिडिओवर आणि बाहेरची १६ मिलिमीटर फिल्मवर घेतली जात, त्यामुळे खर्चिक बाह्यचित्रण मोजकेच असे.

कथेचा कणा चौकशीच्या खोलीत ठेवावा. ऑस्ट्रेलियात गंभीर गुन्ह्यातील संशयिताची चौकशी इलेक्ट्रॉनिक यंत्रावर नोंदवली जाते; म्हणून टेबल, खुर्च्या, नोंदणीचे यंत्र आणि दोन समर्थ नट एवढ्यावर दीर्घ प्रसंग तोलता येतो. तपास अधिकारी साध्या कपड्यांत असल्याने गणवेशाचा खर्च वाचतो आणि त्याच्या परवानगीचा प्रश्नही टळतो. न्यायालयाचे दृश्य असल्यास न्यायाधीशाच्या हाती लाकडी हातोडा देऊ नये. तेथील न्यायालयांत तो वापरत नाहीत, आणि अशा एका चुकीने तेथील प्रेक्षकाचा साऱ्या कथेवरचा विश्वास डळमळतो.

रात्रीच्या दृश्यांसाठी मी आग्रहाने जून महिना सुचवेन. मेलबर्नमध्ये तेव्हा सूर्य सायंकाळी पाचनंतर लगेच मावळतो, तर डिसेंबरमध्ये पावणेनऊपर्यंत वाट पाहावी लागते. हिवाळ्यात चित्रीकरण सायंकाळीच सुरू होऊन मध्यरात्रीपूर्वी आटोपते, जादा कामाचा मोबदला वाचतो आणि माणसेही थकत नाहीत. पावसाची भुरभुर झाली तर ओला रस्ता प्रत्येक दिवा परतवतो आणि थोड्या प्रकाशातही चौकट भरून येते. तेथील वीज ५० हर्ट्झची असल्याने कॅमेरा सेकंदाला २५ चौकटींवर आणि शटर १/५० सेकंदावर ठेवावे, म्हणजे ट्यूबलाइट व रस्त्यावरचे दिवे लुकलुकत नाहीत. रस्त्यावर चित्रण करण्यासाठी स्थानिक कौन्सिलकडे वेळेत अर्ज करावा.

बंदूक शक्यतो दाखवूच नये. टास्मानियातील पोर्ट आर्थर येथे १९९६ मध्ये गोळीबारात झालेल्या हत्याकांडानंतर शस्त्रकायदे कडक झाले असून नकली शस्त्रावरही निर्बंध आहेत. ते चित्रणात आणायचे तर परवानाधारक शस्त्रतज्ज्ञ नेमावा लागतो आणि पोलिसांना कळवावे लागते. बंद दारामागून ऐकू आलेला आवाज आणि बाहेर उभ्या माणसाचा चेहरा यांतून घडणारे दृश्य स्वस्त तर असतेच, पण माझ्या मते अधिक परिणामकारकही असते.

सत्य घटनेवर लिहीत असाल, तर पटकथा वकिलाकडून तपासून घ्यावी. २००८ मध्ये मेलबर्नमधील खऱ्या टोळीयुद्धावर आधारित ‘अंडरबेली’ या मालिकेच्या प्रसारणाला व्हिक्टोरियाच्या सर्वोच्च न्यायालयाने त्या राज्यात मनाई केली, कारण त्या टोळीयुद्धाशी संबंधित एका खुनाचा खटला अद्याप चालायचा होता. मोठी वाहिनी असा आघात सोसू शकते, लहान निर्माता नाही; म्हणून सर्व खटले संपलेले प्रकरण निवडावे किंवा कथा पूर्ण काल्पनिक ठेवावी.

व्यावसायिक वाहिन्यांवर एम वर्गाचा (परिपक्व प्रेक्षकांसाठीचा) कार्यक्रम सायंकाळी ७.३० पासून आणि एमए १५+ वर्गाचा (पंधरा वर्षे व त्यावरील प्रेक्षकांसाठीचा) ८.३० पासून दाखवता येतो, तेव्हा हिंसेचे प्रमाण पटकथेतच ठरवावे.

स्क्रीन ऑस्ट्रेलिया या सरकारी संस्थेच्या प्रोड्युसर ऑफसेट या निर्मात्यांसाठीच्या करसवलत योजनेत दूरचित्रवाणीसाठी २०२१ पासून पात्र खर्चाच्या ३० टक्के परतावा मिळतो, मात्र त्यासाठी किमान खर्चाची अट आहे. ही रक्कम चित्रपट पुरा झाल्यावर कर विवरणपत्रातून येते, त्यामुळे मधल्या काळासाठी कर्जाची सोय आणि त्याचे व्याज बजेटमध्ये आरंभीच धरावे.