शिक्षा झालेल्या आमदाराची आमदारकी गेली का, हे कसं तपासावं

गुन्हा दाखल होणं, अटक, आरोपपत्र, मंत्रिपदाचा राजीनामा, पक्षातून हकालपट्टी यांपैकी कशानेही आमदारकी जात नाही. पक्षाने हाकललेला आमदार सभागृहात बसतोच. सभागृहाने केलेलं निलंबनही अधिवेशनापुरतंच टिकतं. महाराष्ट्रातल्या १२ आमदारांचं वर्षभराचं निलंबन सर्वोच्च न्यायालयाने २८ जानेवारी २०२२ रोजी याच कारणाने रद्द केलं होतं. गैरवर्तनाचं प्रकरण कितीही गाजलं तरी आमदाराने स्वतः राजीनामा दिला नाही, तर बहुतेक वेळा खरा प्रश्न न्यायालयाच्या निकालानंतरच उभा राहतो.

निकाल लागला की बातमी बाजूला ठेवा आणि निकालपत्राचा शेवटचा, आदेशाचा भाग मिळवा. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर प्रत्येक खटल्याला मिळणाऱ्या १६ अक्षरी सीएनआर क्रमांकाने खटला शोधता येतो. त्यातून तीन गोष्टी टिपून घ्या: कोणत्या कलमाखाली दोषी ठरवलं, प्रत्येक कलमाला किती शिक्षा झाली, आणि त्या शिक्षा एकत्र भोगायच्या की एकामागून एक. तिसरी गोष्ट हमखास सुटते. एकाच खटल्यात वेगवेगळ्या गुन्ह्यांसाठी दिलेल्या शिक्षा एकामागून एक भोगायच्या असतील तर त्यांची बेरीज धरली जाते, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००५ साली के. प्रभाकरन विरुद्ध पी. जयराजन खटल्यात बहुमताने ठरवलं आहे. म्हणजे दीड वर्ष अधिक एक वर्ष हे अडीच वर्षं होतं, आणि आमदारकी जाते.

आता लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५१ चं कलम ८ उघडा. त्यात तीन वाटा आहेत. ८(१) मध्ये गुन्ह्यांची यादी आहे: बलात्कार, पत्नीचा छळ, धार्मिक तेढ, भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा, यूएपीए (बेकायदा कृत्यं प्रतिबंधक कायदा) वगैरे. यातल्या गुन्ह्यात नुसता दंड झाला तरी अपात्रता लागते. ८(२) मध्ये साठेबाजी, अन्न-औषधांतली भेसळ आणि हुंडा प्रतिबंधक कायदा येतात, तिथे किमान सहा महिन्यांची कैद लागते. उरलेल्या सगळ्या गुन्ह्यांना ८(३) लागू होतं: दोन वर्षं किंवा त्याहून जास्त. बरोबर दोन वर्षांची शिक्षाही यात बसते, एक दिवस कमी असेल तर बसत नाही. १ जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांत भारतीय न्याय संहितेची कलमं दिसतील, ती जुन्या भारतीय दंडविधानाशी (भादंवि) जुळवून घ्या: ३७६ च्या जागी ६४, ४९८अ च्या जागी ८५, १५३अ च्या जागी १९६.

कलम बसलं, तर अपात्रता दोषी ठरल्याच्या दिवसापासूनच. पूर्वी ८(४) मुळे विद्यमान आमदाराला अपिलासाठी तीन महिने मिळत. ते सर्वोच्च न्यायालयात लिली थॉमस खटल्यात १० जुलै २०१३ रोजी रद्द झालं. त्यामुळे विधानमंडळ सचिवालयाची अधिसूचना वाचताना तिच्यावरची तारीख आणि जागा रिक्त झाल्याची तारीख वेगवेगळ्या लिहून घ्या. नागपूर जिल्हा बँक घोटाळ्यात सावनेरचे आमदार सुनील केदार यांना २२ डिसेंबर २०२३ रोजी पाच वर्षांची शिक्षा झाली. अधिसूचना २३ तारखेला निघाली, पण आमदारकी २२ पासूनच गेली.

सर्वाधिक चुका होतात त्या 'स्थगिती' या शब्दापाशी. वरच्या न्यायालयाने शिक्षा स्थगित केली आणि जामीन दिला, एवढ्याने आमदारकी परत येत नाही. दोषसिद्धीला, म्हणजे दोषी ठरवण्यालाच, स्थगिती लागते, आणि ती वेगळी मागावी लागते (पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ३८९, आता नागरिक सुरक्षा संहितेचं ४३०). राहुल गांधी खासदार होते, पण कायदा तोच: एप्रिल २०२३ मध्ये सुरतच्या सत्र न्यायालयाने शिक्षा स्थगित केली, तरी खासदारकी परत आली ती ४ ऑगस्टला सर्वोच्च न्यायालयाने दोषसिद्धी स्थगित केल्यावर, ७ ऑगस्टला. केदार यांना जामीन मिळाला, दोषसिद्धीवरची स्थगिती मिळाली नाही. म्हणून २०२४ च्या निवडणुकीत सावनेरमधून त्यांच्या पत्नी उभ्या राहिल्या. आदेशाची प्रत हाती आल्याशिवाय 'दिलासा' या शब्दावर विसंबू नये. त्या शब्दामागे यातलं काहीही असू शकतं.

उशिराने निर्दोष सुटणंही फारसं उपयोगी पडत नाही. उत्तर प्रदेशातल्या रामपूरचे आझम खान २७ ऑक्टोबर २०२२ रोजी दोषी ठरले, दुसऱ्याच दिवशी जागा रिक्त जाहीर झाली, डिसेंबरात पोटनिवडणूकही उरकली. मे २०२३ मध्ये अपिलात ते त्या खटल्यातून सुटले, तेव्हा त्यांच्या जागेवर दुसरा आमदार बसलेला होता.

'सहा वर्षं निवडणूकबंदी' हेही अर्धवट आहे. कैद झाली असेल तर सहा वर्षं सुटकेनंतर मोजायची. पाच वर्षांची शिक्षा पूर्ण भोगली, तर हिशेब अकरा वर्षांपर्यंत जातो. ८(१) मध्ये नुसता दंड झाला असेल, तरच सहा वर्षं निकालाच्या तारखेपासून धरायची.

पोटनिवडणुकीसाठी याच अधिनियमाचं कलम १५१अ पाहा: जागा रिक्त झाल्यापासून सहा महिन्यांत मतदान, मात्र उरलेली मुदत वर्षाहून कमी असेल तर नाही. सावनेरची जागा डिसेंबर २०२३ मध्ये रिकामी झाली आणि विधानसभेची मुदत २६ नोव्हेंबर २०२४ ला संपत होती, म्हणून तिथे पोटनिवडणूक झाली नाही. रिक्त झाल्याची तारीख काठावरची असेल तर उच्च न्यायालयाचे निकालही तपासा. अकोला पश्चिमची जागा आमदाराच्या निधनाने ३ नोव्हेंबर २०२३ ला रिकामी झाली होती, म्हणजे वर्षाहून थोडे जास्त दिवस शिल्लक होते. तरी निवडून येणाऱ्याला वर्षभरही मिळणार नाही म्हणून नागपूर खंडपीठाने मार्च २०२४ मध्ये तिथली जाहीर झालेली पोटनिवडणूक रद्द केली.