दिल्ली दर्शनाची बस पकडायच्या आधी कोल्हापूरकरांनी एवढं करून घ्या

दिल्लीला जायचं ठरलं की आपल्याकडची मंडळी आग्रा, मथुरा, हरिद्वार सगळं एकाच ट्रिपमध्ये बसवतात, आणि मग खुद्द दिल्लीला एकच दिवस उरतो, तो जातो दर्शन बसमध्ये. कुतुबमिनार, लोटस टेंपल, अक्षरधाम, आणि मधेच कुठंतरी ड्रायव्हर बस थोडी स्लो करतो, गाइड माइकवर सांगतो की उजवीकडं संसद, सगळे एकदम उजवीकडं वाकतात, झाडं आणि कंपाउंड दिसतं, झालं. एवढ्या लांब जाऊन देशाचा कारभार जिथनं चालला ती जागा आपण अशी बघायची हे मला पटत नाही. मी गल्लीतल्या आणि नात्यातल्या लोकांना घेऊन दिल्लीला जात असतो, त्यातनं जे कळलंय ते इथं लिहितोय.

पहिलं म्हणजे राजकीय दिल्ली खिडकीतनं फारशी दिसत नाही हे धरूनच चाला. सगळं कुंपणाच्या आत, मोठ्या बागांच्या मागं. म्हणून बसमधनं नुसतं बघायचं काय आणि उतरून बघायचं काय हे कोल्हापुरातच ठरवायचं.

वार बघून जावा, ही दुसरी महत्त्वाची गोष्ट. सोमवारी दिल्लीत निम्मं बंद असतं. राष्ट्रपती भवनाची टूर, तीन मूर्तीचं पंतप्रधान संग्रहालय, गांधी स्मृती, इंदिराजींचं घर, लाल किल्ला, सगळं सोमवारी बंद. दर्शन बसवाले कधीकधी त्या दिवशी पण बस काढतात, आणि मग दिवसभर गेटच बघायची. जानेवारीचा दुसरा पंधरवडा पण टाळा, 26 जानेवारीच्या तयारीसाठी कर्तव्य पथाचा भाग अडवलेला असतो आणि 29 तारखेला विजय चौकात बीटिंग रिट्रीट होईपर्यंत बंदोबस्त असतो. ऑगस्टच्या पहिल्या पंधरवड्यात लाल किल्ल्याचं तसंच. डिसेंबर-जानेवारीत धुक्यानं गाड्या लेट होतात ते वेगळंच. मला विचाराल तर फेब्रुवारी उजाडल्यावर जावा, थंडी सोसण्यासारखी असते आणि राष्ट्रपती भवनाची बाग, जिचं नाव 2023 मध्ये अमृत उद्यान झालं, ती पण त्याच सुमारास लोकांना खुली करतात.

रेल्वेचं रिझर्व्हेशन आता 60 दिवस आधीच उघडतं, आधी 120 होतं, त्यामुळं तारीख धरून बसा. आपल्या छत्रपती शाहू महाराज टर्मिनसवरनं निजामुद्दीनला थेट गाडी आहे पण ती आठवड्यातनं एकदाच, त्या दिवसाचं जमलं नाही तर मिरजेला जाऊन गोवा एक्सप्रेस धरायची, ती रोज आहे.

आता बस. दिल्ली टुरिझमच्या सरकारी टूर आहेत, त्यांचं ऑफिस कॅनॉट प्लेसजवळ बाबा खरकसिंग मार्गावर आहे, तिथं जाऊन किंवा ऑनलाइन बघून सध्या कुठली बस सुटते ते विचारायचं. पहाडगंज, करोलबागच्या हॉटेलवाल्यांकडनं मिळतात त्या खासगी बस, स्वस्त असतात पण वाटेत शोरूममध्ये दोन-तीन ठिकाणी उतरवून वेळ खातात. आणि पंधरा-वीस जण असाल तर सरळ टेम्पो ट्रॅव्हलर करा आणि गाइड वेगळा घ्या, माणशी हिशोब केला तर फार जास्त पडत नाही आणि रूट आपल्या हातात राहतो. गाइडकडं पर्यटन खात्याचं ओळखपत्र आहे का ते बघा. पैसे देण्याआधी एकच प्रश्न स्पष्ट विचारायचा, की या यादीतल्या कुठल्या ठिकाणी उतरवणार आणि कुठली नुसती बसमधनं दाखवणार. त्याचं उत्तर लिहून घ्या किंवा व्हॉट्सअपवर मागून घ्या, तोंडी नको.

आधी बुक करायची ठिकाणं मुख्य दोन. एक राष्ट्रपती भवन. त्यांच्या वेबसाइटवर स्लॉट बुक करावा लागतो, दारात जाऊन तिकीट मिळेल या भरवशावर राहू नका, आणि ज्या ओळखपत्रावर बुकिंग केलंय तेच ओरिजिनल जवळ पाहिजे, झेरॉक्स चालवून घेतील असं समजू नका. 340 खोल्यांची इमारत, त्यातल्या मोजक्याच दाखवतात, पण ज्याला आपण दरबार हॉल म्हणून ओळखत आलो, ज्याचं 2024 मध्ये गणतंत्र मंडप असं नाव झालं, तिथं उभं राहून 26 जानेवारी 1950 आठवायचा. राजेंद्रबाबूंनी देशाचे पहिले राष्ट्रपती म्हणून तिथंच शपथ घेतली. स्वतंत्र भारताच्या पहिल्या मंत्रिमंडळाची शपथ 1947 साली तिथलीच. व्हॉइसरॉयसाठी बांधलेल्या दालनात आपली माणसं शपथ घेतायत, हे गाइडनं सांगितलं नाही तर तुम्ही आपल्या पोरांना सांगा.

दुसरं संसद. अधिवेशन चालू असेल तर प्रेक्षक गॅलरीचा पास मिळू शकतो, पण तो खासदारांच्या शिफारशीवर. आपल्या जिल्ह्यात कोल्हापूर आणि हातकणंगले असे दोन मतदारसंघ, तुमचा जो असेल त्या खासदारांच्या ऑफिसात नावं, आधार नंबर घेऊन बऱ्याच आधी जावा. डिसेंबर 2023 मध्ये गॅलरीतनं दोघांनी सभागृहात उड्या मारल्या त्यानंतर तपासणी खूप कडक झालीय, त्यामुळं नकार आला तर वाईट वाटून घेऊ नका, पण विचारायचं मात्र नक्की. मतदान आपण करतो, तर तिथं बसून कामकाज बघायला काय हरकत आहे. आवारात आपल्या शाहू महाराजांचा पुतळा आहे, 17 फेब्रुवारी 2009 ला तेव्हाच्या राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील यांच्या हस्ते त्याचं अनावरण झालं. हा रस्त्यावरनं दिसत नाही, आत गेलेल्यालाच दिसतो, पास मिळवायला माझ्या लेखी एवढं कारण पुरेसं आहे.

पास नाही मिळाला तरी बसमधनं दोन्ही इमारती ओळखता आल्या पाहिजेत. गोल ती जुनी, बाहेरनं 144 खांबांची, 1927 ची, आता तिला संविधान सदन म्हणतात. त्रिकोणी ती नवी, 28 मे 2023 ला उद्घाटन झालेली, लोकसभेत 888 जणांची बसायची सोय. गोल इमारतीपाशी बस आली की घरच्यांना दोन गोष्टी सांगा. 8 एप्रिल 1929 ला भगतसिंग आणि बटुकेश्वर दत्त यांनी बाँब टाकला तो याच इमारतीत, आणि घटना समितीचं काम चाललं, 26 नोव्हेंबर 1949 ला घटना स्वीकारली गेली, ती पण इथंच, सेंट्रल हॉलमध्ये. एकाच छपराखाली वीस वर्षांच्या अंतरानं ही दोन कामं झाली हे एकदा डोक्यात शिरलं की तो खांबांचा गोल परत नुसती इमारत म्हणून दिसत नाही.

एक गंमत मात्र बसमधनंच बघायची. इंडिया गेटकडनं कर्तव्य पथाच्या दिशेनं राष्ट्रपती भवनाकडं बघत राहा. लांबनं घुमट आणि इमारत छान दिसते, आणि जसं जसं विजय चौकाजवळ येऊ तसं इमारत खाली जायला लागते आणि चढाच्या मागं जवळजवळ घुमटच उरतो. लट्यन्स आणि हर्बर्ट बेकर या दोन आर्किटेक्टचं या चढावरनं चांगलंच वाजलं होतं, दोन्ही बाजूचे नॉर्थ ब्लॉक, साउथ ब्लॉक बेकरचे आणि मागचं भवन लट्यन्सचं. साउथ ब्लॉक दिसला की यशवंतराव चव्हाणांचं नाव निघायलाच पाहिजे. 1962 ला चीनच्या युद्धानंतर पंडितजींनी त्यांना संरक्षणमंत्री म्हणून बोलावलं, हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला असं आपण म्हणतो ते याच ब्लॉकमधल्या मंत्रालयासाठी, आणि हे यशवंतराव आपल्या राजाराम कॉलेजचे विद्यार्थी. दिल्लीच्या गाइडला ते कोल्हापुरात शिकले हे माहीत असायचं कारण नाही, म्हणून तुम्हीच सांगा, बसमधल्या बाकीच्यांना पण आवडतं.

उतरायचंच अशा जागांमध्ये मी गांधी स्मृती सगळ्यात वर ठेवीन. तीस जानेवारी मार्गावरचं बिर्ला हाऊस, गांधीजींचे शेवटचे 144 दिवस इथं गेले आणि 30 जानेवारी 1948 ला प्रार्थनेला जाताना बागेतच गोळ्या घातल्या. खोलीपासून त्या जागेपर्यंत त्यांची पावलं सिमेंटमध्ये उमटवून ठेवलीत. दर्शन बसवाले राजघाटावर नेतात आणि हे सोडतात, खरं तर समाधीपेक्षा इथं जास्त कळतं. तिथनं जवळच 1 सफदरजंग रोड, इंदिराजींचं घर, जिथं त्या 31 ऑक्टोबर 1984 ला पडल्या ती वाट काचेनं झाकून ठेवलीय. आणि मग तीन मूर्ती. नेहरू पंतप्रधान असताना 1964 ला जाईपर्यंत तिथं राहिले, आता 2022 पासून तिथं सगळ्या पंतप्रधानांचं संग्रहालय आहे, त्याला निवांत अर्धा दिवस द्या, पोरांना तर तिथनं बाहेर काढावं लागतं. या तिन्ही जागा एकाच पट्ट्यात आहेत, टेम्पो ट्रॅव्हलर असेल तर सकाळी गांधी स्मृती, मग इंदिराजींचं घर, दुपारी तीन मूर्ती असं सहज बसतं.

इंडिया गेटला फोटो काढून परत फिरू नका, मागंच राष्ट्रीय युद्ध स्मारक आहे, 2019 मध्ये सुरू झालं, प्रवेश फुकट. स्वातंत्र्यानंतर शहीद झालेल्या पंचवीस हजारांवर जवानांची नावं तिथल्या भिंतींवर ग्रॅनाइटच्या पट्ट्यांवर कोरलीत, अमर जवान ज्योत पण 2022 मध्ये इथल्याच ज्योतीत मिळवली. आपला जिल्हा सैनिकांचा, शिरोळ तालुक्यातल्या एका गावाचं नावच सैनिक टाकळी आहे. तुमच्या भावकीतलं, गावातलं कुणी शहीद असेल तर त्यांचं नाव, रेजिमेंट, साल घरनं लिहून न्या आणि तिथं शोधा. संध्याकाळी गेलात तर शहिदाच्या घरच्यांच्या हस्ते पुष्पचक्र वाहतात तो कार्यक्रम मिळतो, त्यासाठी थांबावं.

आणि आता जी जागा मला कुठल्याच दर्शन बसच्या यादीत सापडत नाही, ती. 26 अलीपूर रोड. बाबासाहेबांचं 6 डिसेंबर 1956 ला याच पत्त्यावर महापरिनिर्वाण झालं. 2018 मध्ये तिथं राष्ट्रीय स्मारक झालंय, संविधानाचं पुस्तक उघडून ठेवल्यासारखी इमारत. हे उत्तर दिल्लीत, सिव्हिल लाइन्सला, बाकीच्या पट्ट्यापासून लांब, म्हणून बसवाले जात नाहीत, पण यलो लाइनची मेट्रो पकडली की सिव्हिल लाइन्स स्टेशनवर उतरून रिक्षानं पोचता येतं, सोमवार मात्र टाळा. आपण कोल्हापूरचे लोक हे सोडून कसं येणार? मार्च 1920 मध्ये आपल्या माणगावच्या परिषदेत शाहू महाराज स्वतः आले आणि बाबासाहेब हेच तुमचे पुढारी असं त्यांनी लोकांना जाहीर सांगितलं, मूकनायकाला मदत पण केली. 1902 ला करवीर संस्थानात मागासांसाठी निम्म्या जागा राखून ठेवायचा हुकूम काढणारा राजा आणि पुढं देशाची घटना लिहिणारा माणूस, या दोघांची ती गाठ हातकणंगले तालुक्यात पडलेली. संविधान सदन आणि अलीपूर रोड एकाच ट्रिपमध्ये झालं तर हा धागा पोरांच्या लक्षात येतो, मी बघितलंय.

सामानाचं थोडक्यात. जवळजवळ प्रत्येक ठिकाणी तपासणी आहे, पिशवी जितकी लहान तितकं बरं. तंबाखू, लायटर, अडकित्ता, चाकू, पॉवर बँक हॉटेलवरच ठेवा, नाहीतर एकाच्या पुडीसाठी सगळा ग्रुप लाइनच्या बाहेर थांबतो. राष्ट्रपती भवनात आत फोटो काढायचे नाहीत. राजघाटावर चप्पल काढावी लागते, थंडीत आज्जी लोकांना मोजे घालून न्या. चालणं भरपूर होतं, विजय चौक ते इंडिया गेटच साधारण दोन किलोमीटर, गुडघेदुखीवाल्यांना कर्तव्य पथाच्या एकाच टोकाला उतरवा. जेवणाचं म्हणाल तर पहिल्या दिवशी भडंग आणि घरची चटणी पुरते, दुसऱ्या दिवशी माणसं भाकरीची आठवण काढायला लागतात, तेव्हा कस्तुरबा गांधी मार्गावरच्या महाराष्ट्र सदनाच्या कँटीनचं बघा, इंडिया गेटपासून लांब नाही.

बुकिंग करताना एका माणसाकडं सगळ्यांची आधार कार्डं, पीएनआर, भवनाचा स्लॉट आणि खासदारांच्या ऑफिसचा नंबर एकत्र ठेवा आणि त्याची प्रिंट पण काढा, कारण तपासणीच्या गेटवर फोन जमा केल्यावर त्यातलं काहीच दाखवता येत नाही.