दावा काढून घेताना नव्या दाव्याची मुभा कशी राखावी

सरकारविरुद्ध दावा लावण्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस द्यायची राहिली, किंवा मिळकतीचे वर्णनच चुकले, हे पुष्कळदा दावा अर्ध्यावर आल्यानंतर ध्यानात येते. अशा वेळी ‘दावा पुढे चालवायचा नाही’ एवढी दोन ओळींची पुरसीस (न्यायालयाला दिलेले लेखी निवेदन) देऊन मोकळे होऊ नये. याच संहितेच्या आदेश 23, नियम 1(4) प्रमाणे परवानगीविना काढून घेतलेल्या दाव्याच्या विषयावर पुन्हा दावा लावता येत नाही, शिवाय न्यायालय खर्चही बसवू शकते.

आधी आदेश 6, नियम 17 खालील दुरुस्ती अर्जाने काम भागते का, ते वकिलांना विचारावे. चुकलेला गट नंबर पुष्कळदा तेवढ्याने सुधारतो. भागत नसेल तर आदेश 23 च्या नियम 1(3) खाली लेखी अर्ज द्यावा. त्यात दोष कोणता आणि त्यामुळे दावा का टिकणार नाही, किंवा नव्या दाव्यासाठी दुसरे कोणते पुरेसे कारण आहे, हे नेमके मांडावे. ‘तांत्रिक अडचणीमुळे’ एवढ्यावर भागत नाही, आणि पुरावा कमी पडला हे तर कारणच नव्हे. विनंती अशी असावी : ‘त्याच विषयावर नवीन दावा दाखल करण्याची मुभा ठेवून हा दावा काढून घेण्यास परवानगी द्यावी, मुभा देणे योग्य न वाटल्यास दावा गुणदोषांवर पुढे चालवावा.’ हे दुसरे वाक्य गाळू नये, कारण त्यामुळे मुभा नाकारली गेली तरी हातचा दावा जाऊ नये, असा वादीचा हेतू नोंदीवर राहतो.

एकापेक्षा अधिक वादी असतील तर सर्वांची संमती लागते. अर्जाची प्रत प्रतिवादीला द्यावी. त्याचे म्हणणे आल्यावर न्यायालय खर्चाची अट घालू शकते. ती पूर्ण करून पावती जपून ठेवावी.

हुकूम झाला की नक्कल काढून मुभेचे शब्द त्यात आहेत ना, हे स्वतः वाचावे. उच्च न्यायालयातील रिट याचिकेलाही हेच लागू आहे : सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मुभेविना मागे घेतलेल्या याचिकेनंतर त्याच कारणासाठी राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली दुसरी याचिका चालणार नाही, असे ठरवले, देहोपस्थितीच्या (हेबियस कॉर्पस, म्हणजे बेकायदा अटकेविरुद्धच्या) याचिका मात्र त्यातून वगळल्या.

सर्वांत फसवी बाब मुदतीची. आदेश 23 च्या नियम 2 प्रमाणे पहिला दावा जणू लावलाच नव्हता असे धरून मुदत मोजली जाते, त्यामुळे तीन वर्षांची मुदत दावा चालू असतानाच संपली असेल तर मिळालेली मुभा कागदावरच राहते. अधिकारक्षेत्राच्या किंवा तशाच स्वरूपाच्या दोषामुळे परवानगी मिळाली असेल, आणि पहिला दावा सद्‌भावनेने व तत्परतेने चालवला असेल, तर मुदत कायदा, 1963 च्या कलम 14 खाली त्यात गेलेला काळ वगळून मागता येतो. म्हणून अर्जावर सही करण्यापूर्वी वादकारणाची (दावा लावण्याचा हक्क ज्या घटनेने निर्माण झाला तिची) तारीख तपासावी, आणि तात्पुरता मनाई हुकूम मिळालेला असेल तर दाव्याबरोबर तोही संपतो, हे धरून नवा दावा आधीच तयार ठेवावा.