फँटसी गोष्टीसाठी गूढ गणिताची जुनी पोथी कशी रचायची

फँटसी गोष्टीत जुनी पोथी असते, आणि ती गणिताची असली की त्यात त्रिकोण, वर्तुळं, लांबलचक आकडे आणि "ज्याला हे कळलं त्याला विश्व कळलं" असं एखादं वाक्य असतं, बास. माझी पहिली पोथी पण अशीच होती, एका मैत्रिणीने वाचून विचारलं की यातलं गणित नेमकं काय आहे, आणि माझ्याकडे उत्तरच नव्हतं. तेव्हापासून मी एक गोष्ट धरून ठेवलीये, पोथीतलं गणित खरं पाहिजे, वाचणाऱ्याने कागद पेन घेऊन बसलं तर ते सुटलं पाहिजे. गूढपणा त्या गणितातूनच येतो, वरून लावता येत नाही.

सुरुवात आकड्यांपासून नका करू, तुमच्या जगातली माणसं मोजतात कशी ते आधी ठरवा. समजा ती अंगठ्याने चार बोटांची पेरं मोजतात, म्हणजे एका हातावर १२, आणि त्यांची सगळी संख्यापद्धत १२ वर उभी आहे. आता १ चे तीन भाग, चार भाग, सहा भाग त्यांना पॉइंटच्या पुढे एका अंकात लिहिता येतात, पण पाच भाग करायला गेलं की २, ४, ९, ७ परत २, ४, ९, ७ असं चालूच राहतं, संपतच नाही. झालं, त्या जगाला ५ ची भीती वाटायला खरं कारण मिळालं! हे काही हवेतलं नाही, बॅबिलोनचे लोक ६० वर मोजायचे आणि त्यांच्या भागाकाराच्या तक्त्यांमधून ७ वगळलेला असायचा कारण ६० च्या पद्धतीत १ भागिले ७ संपत नाही.

आता ही भीती पोथीत आणायची. १ ते ९ चा जादूचा चौरस घ्या, वरची ओळ ४, ९, २, मधली ३, ५, ७, खालची ८, १, ६, आडवी, उभी, तिरकी कुठूनही बेरीज १५ (त्यांच्या लिखाणात हा १३ दिसेल, एक डझन आणि तीन). मधल्या घरात ५ आहे आणि १ ते ९ घेतले तर तिथे दुसरा आकडा बसूच शकत नाही. म्हणून लेखकाने मधलं घर रिकामं सोडलंय, निषिद्ध आकडा लिहायचा कसा? समोरासमोरच्या कुठल्याही दोन घरांची बेरीज १० येते, १५ मधून १० गेले, उरले ५. ज्या आकड्याला सगळे घाबरतात तोच सगळा चौरस धरून बसलाय हे वाचणाऱ्याला स्वतःच कळतं. हे मला आजही फार सुंदर वाटतं.

पानाची मांडणी कशी ठेवायची यासाठी बख्शाली हस्तलिखित हे जुनं गणिताचं लिखाण बघा, ते १८८१ मध्ये पेशावरजवळ सापडलं, भूर्जपत्रावर लिहिलेलं, सध्या ऑक्सफर्डला आहे. त्यात आधी सूत्र, मग उदाहरण, मग आकड्यांची मांडणी, मग उत्तर आणि पडताळा असा क्रम असतो. शिवाय त्यात शून्यासाठी टिंब आहे आणि माहीत नसलेल्या संख्येच्या जागी पण टिंबच, तुमच्या रिकाम्या घरात असंच काहीतरी टाकता येईल.

सूत्र पद्यात लिहा आणि आकडे शब्दात लपवा. आपल्याकडे भूतसंख्येत, म्हणजे वस्तूंच्या नावांनी आकडे सांगायच्या जुन्या पद्धतीत, चंद्र म्हणजे १, नेत्र म्हणजे २, वेद म्हणजे ४, बाण म्हणजे ५, आणि अंक उजवीकडून डावीकडे मांडायचे. पण हे शब्द जसेच्या तसे उचलू नका. तुमच्या जगात आकाशात दोन चंद्र असतील तर चंद्र म्हणजे २ होणार, मग एक चंद्र फुटायच्या आधीचं पान आणि नंतरचं पान यात एकच शब्द दोन वेगळे आकडे सांगणार, यावर अख्खं प्रकरण उभं राहतं.

पोथी मूळ नसावी, नकलेची नक्कल असावी. प्राचीन इजिप्तच्या ऱ्हाइंड पपायरस या गणिताच्या लिखाणात आह्मोस नावाचा लेखनिक स्वतःच सांगतो की हे जुन्या लिखाणावरून उतरवलंय. ग्रीक गणिती आर्किमिडीजच्या एका हस्तलिखिताची तर तेराव्या शतकात अक्षरं खरवडून त्यावर प्रार्थना लिहिल्या गेल्या, कारण चामडं महाग होतं. तर तुमच्या नकलेत पण एक चूक ठेवा, समजा लेखनिकाने ९ चा १ वाचला, देवनागरीत तर हे सहज होतं. आता वरच्या ओळीची बेरीज ७ आणि मधल्या उभ्या ओळीची पण ७ (टिंबाच्या जागी ५ धरून), दोन्हीकडे ८ कमी, म्हणजे ज्या घरात त्या दोन ओळी एकमेकींना छेदतात तिथेच चूक आहे. पात्राला ही चूक शोधू द्या, फक्त बेरजा वाचणाऱ्यासमोर होऊ द्या.

शाई, वास, वाळवी यावर एखादं वाक्य पुरे.

सगळं झालं की गोष्ट न सांगता फक्त ते पान कोणालातरी द्या आणि काही बोलू नका. त्यांनी मधल्या घरात ५ लिहिला तर पान जमलं, नाही लिहिला तर सूत्रातला एखादा शब्द सोपा करा आणि दुसऱ्या कोणालातरी द्या.